नाव काळ्या शाईत

नदीकाठची हिरवळ मागे टाका आणि पश्चिमेकडे चालत राहा. शेत संपतं तिथेच वाळवंट सुरू होतं. थीब्ज शहर पलीकडच्या तीरावर राहिलं. समोर चुनखडीचा उघडा डोंगर आहे आणि त्याचं निमुळतं शिखर. त्या शिखरावर मेरेत्सेगेर नावाची नागदेवता राहते, असं इथली माणसं मानतात. तिच्या सावलीत खोटी शपथ घ्यायला कुणी धजत नाही. डोंगराच्या खोलगट भागात भिंतीने वेढलेलं एक गाव आहे. आत सत्तरएक घरं, एकमेकांना खेटून बांधलेली, मधून एक अरुंद गल्ली.

इजिप्तच्या तिसऱ्या रामसेस राजाच्या कारकिर्दीचं हे २९वं वर्ष, म्हणजे इसवी सनापूर्वी ११५७ च्या आसपासचा काळ. या गावाला आज देर अल-मदिना म्हणतात. राजांच्या दरीत डोंगर फोडून कबरी कोरणारे, त्या रंगवणारे कारागीर इथे बायकामुलांसह राहतात. गावात विहीर नाही. पाणक्ये गाढवांवरून पाणी वर आणतात. पाणी, धान्य, मासे, सरपण, जे काही भिंतीच्या आत येतं ते सगळं कुणीतरी लिहून ठेवतं.

तो लिहिणारा माणूस म्हणजेच तुमचा गुरू. तुम्ही त्याच्या हाताखाली काम करायला आला आहात.

तो मंत्रही लिहितो. जादुई लेखनिक म्हटल्यावर कादंबरीतला उंच मनोरा, कुलपातले ग्रंथ, आपोआप उजळणारी अक्षरं डोळ्यांसमोर आली असतील, तर ती बाजूला ठेवा. हा म्हातारा दाराशी मांडी घालून बसला आहे. कमरेचं लिननचं वस्त्र गुडघ्यांवर ताणलं की त्याचंच मेज होतं. दिवसा तो कामावर कोण आलं, कोण नाही, दिव्यांच्या वाती किती खर्च झाल्या, तांब्याच्या छिन्न्या किती झिजल्या याची नोंद ठेवतो. सूर्य कलला की त्याच काडीने, त्याच फळीवरच्या शाईने तो ताप उतरवतो, भुतांना हाकलतो, देवांना दम देतो. मला या व्यवसायात सर्वांत जास्त हेच भावतं: हजेरीपट आणि मंत्र यांच्यासाठी दोन वेगळी माणसं इथे लागत नाहीत.

"बस," तो म्हणतो. "शाई कर."

काळी शाई म्हणजे भांड्याच्या बुडाची काजळी आणि बाभळीचा डिंक. लाल शाई म्हणजे गेरू. दोन्हींच्या सुक्या वड्या लांबट लाकडी फळीवरच्या दोन खळग्यांत बसवलेल्या असतात आणि फळीच्या मधल्या खाचेत काड्या. बोरू इथे अजून आलेला नाही. तो शेकडो वर्षांनी ग्रीकांबरोबर येईल. इथली लेखणी म्हणजे लव्हाळ्याची काडी. तिचं टोक तिरकं कापायचं, मग दातांखाली चावून चावून त्याचे तंतू मोकळे करायचे, की बारीक कुंचला तयार होतो. तोंडात कडवट रस उतरतो. पाण्याच्या लहान भांड्यात काडी बुडवण्याआधी म्हातारा चार थेंब जमिनीवर सांडतो. ते इम्होतेपसाठी. इम्होतेप दीड हजार वर्षांपूर्वीचा राजमंत्री, लेखनिकांचा पूर्वज, आणि त्याची तहान लेखनिकांनीच भागवायची असते.

आता लिहिण्याची जागा. हिशोबाला चुनखडीची कपची पुरते. डोंगर फोडताना कपच्यांचा ढीग पडतो आणि त्यांना मोल नाही. पत्राला जुना पपायरस धुऊन पुन्हा वापरला तरी चालतो. ताईताला मात्र कोरा पपायरस घ्यायचा, असं विधीचे ग्रंथ बजावून सांगतात. आधीच्या मजकुराची पुसट रेघसुद्धा नको. दलदलीत उगवणाऱ्या लव्हाळवर्गी झाडाच्या दांड्यातला गर पट्ट्यापट्ट्यांनी काढून, आडवा-उभा रचून, ठोकून, वाळवून केलेला हा फिकट तुकडा हातात घेतला की अजून त्याला ओल्या गवताचा वास येतो.

आणि रंगाचा नियम. मजकूर काळ्यात, शीर्षकं आणि सूचना लाल रंगात. पण लाल ओळ लिहिताना मधेच देवाचं नाव आलं तर काडी धुवायची, काळी शाई घ्यायची, नाव लिहायचं आणि पुन्हा लालकडे यायचं. लाल हा वाळवंटाचा, सेत देवाचा, रक्ताचा रंग. आपोफिस या अंधाराच्या सर्पाचं नाव लाल रंगात शोभतं. रा किंवा ओसायरिस या देवांचं नाही. म्हातारा तुमच्या हाताकडे पाहत राहतो. तुमचं अक्षर सुबक आहे की नाही याकडे त्याचं लक्ष नाही. कुणाचं नाव कोणत्या रंगात पडतंय, एवढंच तो पाहतो.

संध्याकाळी एक बाई येते. कडेवर मुलगा, तीनचार वर्षांचा, अंग तापलेलं.

"बाबा, दोन रात्री झाल्या. दूध पण नको म्हणतो."

"नाव सांग, पोरी."

ती नाव सांगते. तुम्ही काडी टेकवणार, तेवढ्यात म्हातारा हात आडवा धरतो.

"आणि तुझं?"

हिशोबात माणूस बापाच्या नावाने ओळखला जातो. ताईतात तो आईच्या नावाने लिहायचा: अमक्या, अमकीने जन्म दिलेला. "बापाबद्दल गाव काहीही बोलेल," म्हातारा म्हणतो, "जन्म कुणी दिला ते सगळ्यांनी पाहिलेलं असतं." गावात एकाच नावाची पाचसहा मुलं असतात. देवाने चुकीच्या घरी जायला नको, तापाने खुणेची जागा शोधून परत यायला नको. म्हणून नाव अचूक हवं. सगळ्या धंद्याची धार याच एका गोष्टीत आहे.

मग तो सांगतो आणि तुम्ही लिहिता, उजवीकडून डावीकडे, वळणदार हायरॅटिक लिपीत. आणि इथे तुम्हाला धक्का बसतो, कारण या मजकुरात प्रार्थना जवळजवळ नाहीच. आहे तो हुकूम आणि धमकी. हे मूल बरं झालं नाही तर ओसायरिसच्या नगरीला आग लागेल, आकाश जागेवर राहणार नाही, यज्ञाचे बळी वेदीपर्यंत पोचणार नाहीत. असल्या वाक्यांनंतर लेखनिक शांतपणे एक ओळ जोडतो: हे मी बोलत नाही, इसिस बोलते आहे. म्हणजे देवांना धमकावणारी देवीच ठरते आणि काडी धरणारा हात निर्धास्त राहतो. मला यात लबाडी दिसत नाही. वकील अशिलाच्या नावाने उभा राहतो तसा हा माणूस आजारी मुलाच्या वतीने, एका आईदेवतेच्या तोंडाने उभा राहतो. इसिसनेही स्वतःच्या मुलाला, होरसला, दलदलीत लपवून विंचवाच्या विषातून वाचवलं होतं. समोरची बाई इसिस आणि मूल होरस, एवढी जागा लेखनिकाने कागदावर करून ठेवली, की उरलेलं काम त्या जुन्या गोष्टीने करायचं.

मजकुराखाली चित्रं येतात: दोन होड्या, दोन डोळे, दोन शेणकिडे. याच गावात सापडलेल्या एका पपायरसावर तापावरचा असाच उपाय आहे. मग तुकडा उभा-आडवा दुमडत बोटाच्या पेराएवढा करायचा, लिननच्या दोऱ्यात बांधायचा, दोऱ्याला सात गाठी मारायच्या आणि मुलाच्या गळ्यात घालायचा. मूल रडतं. बाई एक विणलेली टोपली ठेवून जाते. या देशात नाणी नाहीत. किंमत तांब्याच्या वजनात बोलतात, ९१ ग्रॅमचा एक देबेन, आणि चुकती करतात टोपलीत, तेलात, चपलांत.

ती गेल्यावर एक दगडफोड्या लंगडत येतो. विंचू. हा इथला रोजचाच प्रकार. दुसऱ्या रामसेसच्या ४०व्या वर्षाची एक मोठी कपची ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. तिच्यावर ४० कामगारांची २८० दिवसांची गैरहजेरी लिहिली आहे आणि तारखांच्या वर लाल शाईत कारणं: डोळे दुखत होते, घरी बिअर गाळायची होती, आईच्या प्रेताला पट्ट्यांत गुंडाळायचं होतं, विंचू चावला. विंचू उतरवणारा एक माणूस गावाच्या शिधापत्रकावरच आहे, वैद्यही आहे, दोघांना धान्य मिळतं. लेखनिकाचं त्यांच्याशी भांडण नाही. वैद्य मध आणि पट्टी बांधतो, हा शब्द बांधतो. रोगी दोन्ही घेऊन घरी जातो.

विंचवासाठी म्हातारा पपायरस काढत नाही. आतुम, होरस, इसिस या देवांची चित्रं तो थेट दुखणाऱ्या माणसाच्या तळहातावर काढतो आणि सांगतो, "चाट." माणूस शाई चाटून गिळतो. दुसरी रीत म्हणजे मजकूर बिअरमध्ये किंवा द्राक्षाच्या मद्यात विरघळवून पाजणे. शब्द पोटात गेला पाहिजे, एवढं खरं. हे करताना तो एक कथा पुटपुटतो आणि ती तुम्ही नीट ऐका, कारण या व्यवसायाचं सगळं तत्त्वज्ञान तिच्यात आहे. म्हाताऱ्या रा देवाची लाळ जमिनीवर गळली. इसिसने ती मातीत कालवून साप घडवला आणि त्याच्या वाटेत ठेवला. साप चावला. रा तळमळू लागला. इसिस म्हणाली, तुझं खरं नाव सांग, मग बरं करते. त्याने नावांची रांग सांगितली, पहाटेचं, दुपारचं, संध्याकाळचं. विष उतरलं नाही. शेवटी ते लपवलेलं नाव तिच्या अंगात जाऊ दिलं, तेव्हा तो वाचला. कथा सांगणारा पपायरस आज तुरिनला आहे. ते नाव त्यात लिहिलेलं नाही. लेखनिकाला कोणतं नाव लिहायचं आणि कोणतं नाही, दोन्ही ठाऊक असावं लागतं.

दुसऱ्या दिवशी म्हातारा तुम्हाला नौनख्तच्या घरी पाठवतो, एक जुनी गुंडाळी पाहायला. नौनख्तचा पहिला नवरा केनहेरखेपशेफ हा या गावाचा नामांकित लेखनिक होता. तिच्याहून वयाने खूपच मोठा. त्याने चाळीसएक वर्षं हे पद सांभाळलं. राजांच्या दरीत एका कबरीजवळ सावलीतल्या खडकावर त्याने आपली बसायची जागा ठरवली होती आणि तिथे नावही कोरलं होतं. त्याचं अक्षर इतकं गचाळ, की तीन हजार वर्षांनंतरचे अभ्यासक नाव न वाचताही ते ओळखतात. कामगारांना तो स्वतःच्या खासगी कामाला फुकट जुंपतो, अशी तक्रारही मागे राहिली आहे. पण त्याला ग्रंथांचा लोभ होता. त्याचा संग्रह पुढे नौनख्तच्या मुलांकडे गेला आणि १९२८ मध्ये फ्रेंच उत्खननात या गावी सापडला. त्यातली स्वप्नांची पोथी आता उलगडा.

ओळी खाली खाली उतरत जातात. प्रत्येक ओळीत एक स्वप्न, मग शुभ किंवा अशुभ, मग फळ. माणसाने स्वतःला मेलेलं पाहिलं: शुभ, आयुष्य मोठं आहे. मोठं मांजर पाहिलं: शुभ, पीक भरघोस येईल. आरशात तोंड पाहिलं: अशुभ, दुसरी बायको येईल. खोल विहिरीत डोकावलं: अशुभ, तुरुंग. अशुभ हा शब्द प्रत्येक ठिकाणी लाल. शेवटी उपाय: वाईट स्वप्न पडलेल्याने ताजा पाला आणि बिअरमध्ये भिजवलेली भाकरी तोंडावर चोळायची आणि इसिसला हाक मारायची. पोथी उलटी करा. मागे केनहेरखेपशेफने दुसऱ्या रामसेसच्या कादेशच्या लढाईच्या वर्णनातला भाग उतरवून घेतला आहे, त्याच वेड्यावाकड्या अक्षरात. पपायरस महाग, एका बाजूला राजाचा पराक्रम, दुसऱ्या बाजूला सामान्य माणसाची झोप.

या माणसाला स्वतःला झोप येत नसावी. सेहाकेक नावाच्या रात्रीच्या राक्षसाविरुद्ध त्याने लिहिलेला ताईत ब्रिटिश म्युझियममध्ये आहे. राक्षसाचं वर्णन किळसवाणं आहे, अवयव भलत्याच जागी, खाणं विष्ठेचं. आता हे वाचताना हसू येईल, पण अंधारात एकटं पडलेल्या माणसाने भीतीला नाव दिलं, तोंड दिलं, हातपाय दिले आणि दुमडून ठेवलं, यात मला फार मोठं धैर्य दिसतं. गावातली माणसं झोपण्याच्या खोलीच्या चार कोपऱ्यांत मातीचे चार नाग ठेवतात, फणा काढलेले, तोंडातून आग ओकणारे. तेही एका कपचीवर लिहिलेल्या विधीप्रमाणेच.

नदीपलीकडच्या कार्यशाळांत याच विद्येचा मोठा व्यापार चालतो. मृतासाठीची पोथी, जी आज मृतांचं पुस्तक म्हणून ओळखली जाते, तिथे तयार होते. नकलाकार मंत्र उतरवतात. मूळ प्रत फाटलेली असेल तर तिथे तसं लिहून पुढे जातात. नावाची जागा मात्र मोकळी सोडतात. गिऱ्हाईक आलं की नाव भरायचं. आनी या लेखनिकाची सुमारे २४ मीटर लांब, देखण्या चित्रांची पोथी अशीच आहे: काही ठिकाणी त्याचं नाव नंतर, वेगळ्या हाताने बसवलेलं दिसतं. किंमत चांदीचा एक देबेन, म्हणजे साध्या कामगाराची कित्येक महिन्यांची कमाई. त्या मोकळ्या जागा पाहून म्हातारा गप्प राहतो. मलाही त्या जागा अस्वस्थ करतात. सगळे मंत्र तयार, परलोकाचे दरवाजे, प्रश्नोत्तरं, हृदयाची तराजूतली तोलणी, आणि मधे मधे बोटभर कोरी जागा: ज्याच्याकडे चांदी असेल त्याने यावं. तापलेल्या पोराच्या ताईतात आईचं नाव विचारणारा माणूस आणि हा कारखाना, दोघांचा धंदा एकच आहे, हे मान्य करायला जड जातं.

हे लिहिणं घातक किती मानलं जाई, हे पाहायचं तर जुन्या शवपेट्यांकडे जा. त्यांवरच्या चित्राक्षरांत साप मधोमध तोडलेले आहेत, पक्ष्यांना पाय नाहीत. अक्षरातला साप पेटीच्या आत, प्रेताशेजारी जिवंत झाला तर? म्हणून लेखनिकाने तो लिहितानाच तोडला. आणि शत्रूची नावं मातीच्या भांड्यांवर लिहून ती भांडी फोडण्याची रीतही जुनीच.

या सगळ्यात गावात एक वेगळीच बातमी फिरते आहे. धान्य आलेलं नाही. कामगाराला महिन्याला साडेपाच खार धान्य ठरलेलं असतं: भाकरीसाठी चार खार खपली गहू, आपल्याकडे पिकते तीच खपली, आणि बिअरसाठी दीड खार जव. खार म्हणजे पोतं, सुमारे ७७ लिटर मापाचं. महिन्याचे वीस दिवस गेले आणि कोठार रिकामं. गावाचा मुख्य लेखनिक आमेननख्त, इपुईचा मुलगा, स्वतः होरेमहेब राजाच्या मंदिरात जातो आणि ४६ पोती खपली घेऊन येतो. हे वर्षाच्या सुरुवातीचं. तेवढ्यावर काही दिवस निघतात.

तुमच्या म्हाताऱ्याकडे आता ताईतासाठी येणाऱ्या बायका वाढल्या आहेत. मुलं किरकिरतात, अंगं तापतात, रात्री झोप नाही. तो लिहून देतो, टोपली घेत नाही. एका बाईला मात्र तो ताईत देत नाही. "भुकेला मंत्र नाही, पोरी," तो म्हणतो आणि काडी फळीवर ठेवतो. त्या दिवशी तुम्हाला या माणसाच्या कसबाची हद्द दिसते, आणि ती त्याने स्वतः दाखवली म्हणून त्याच्याबद्दलचा आदर वाढतो.

मग पेरेत ऋतूच्या दुसऱ्या महिन्याची १०वी तारीख उजाडते. कामगार हत्यारं खाली ठेवतात. मुकादम आणि अधिकारी पाहत राहतात. सगळी टोळी पाच चौक्या ओलांडून खाली उतरते आणि तिसऱ्या थुतमोसच्या मंदिरामागे जाऊन बसते. तुम्ही त्यांच्यात बसा. वाळू गार आहे, कुणी ओरडत नाही. अधिकारी येऊन शपथा घालतात, आश्वासनं देतात. माणसं उठत नाहीत. पुढच्या दोन दिवसांत ते थेट दुसऱ्या रामसेसच्या मंदिरात शिरतात. अधिकाऱ्यांना ते सांगतात की भूक आणि तहान आम्हाला इथे घेऊन आली, कपडा नाही, तेल नाही, मासे नाहीत, भाजी नाही. राजाला लिहा, वजिराला लिहा.

लिहा. त्यांची मागणी धान्याची आहे, पण ती ज्या शब्दावर येऊन थांबते तो शब्द हा आहे. आणि आमेननख्त लिहितो. तारीख, जागा, कोण काय म्हणालं, किती दिवसांचं थकलं. या पपायरसात देव बोलत नाही, कुणी आकाश पाडायची धमकी देत नाही. जगातला पहिला नोंदवलेला संप म्हणून तुरिनच्या संग्रहालयात आज जो जपला आहे, तो हाच. थकलेलं धान्य अधूनमधून मिळत राहतं, पुन्हा थकतं, माणसं पुन्हा चौक्या ओलांडतात. मला विचाराल तर या गावात लिहिलेल्या सगळ्या मजकुरांत सर्वांत ताकदीचा मजकूर हाच. ताईतातलं नाव एका मुलाला तापापासून सोडवू पाहतं. या नोंदीने भुकेल्या माणसांना इतिहासात उभं केलं.

आता तीन वर्षं पुढे सरका. राजा मेला आहे, आणि नैसर्गिक मरणाने नाही. तिये नावाच्या राणीने आपल्या मुलाला गादीवर बसवण्यासाठी राजवाड्यातच कट रचला. खटल्याची कागदपत्रं उरली आहेत आणि त्यांतली एक बाजू थेट तुमच्या व्यवसायाची आहे. कटवाल्यांकडे मंत्रांच्या गुंडाळ्या होत्या, पहारेकऱ्यांचं भान हरपावं म्हणून मेणाच्या बाहुल्या होत्या. एकाने तर राजाच्याच ग्रंथालयातली गुंडाळी मिळवली होती. आरोपींत जीवनगृहाचे लेखनिक आहेत, म्हणजे मंदिराच्या ज्या विभागात पवित्र ग्रंथ लिहिले आणि जपले जात, तिथले लोक.

न्यायाधीशांनी आरोपींना शिक्षा दिली ती दोनदा. एकदा देहाला. दुसऱ्यांदा कागदावर: कित्येकांची नावं मोडून लिहिली. एकाचं खरं नाव बहुधा रा देवाला प्रिय असणारा अशा अर्थाचं होतं. दस्तऐवजात तो मेसेदसुरे आहे, राने तिरस्कार केलेला. राजपुत्राचं कागदावरचं पेंतावेरे हे नावही त्याचं खरं नाव नव्हे. माणूस मेला तरी नाव उच्चारलं जात राहिलं की तो टिकतो, असा या लोकांचा विश्वास. म्हणून टिकण्याची ती वाटच लेखनिकाच्या काडीने वळवली. तुमचा म्हातारा ही बातमी ऐकतो आणि बराच वेळ शाईची वडी घासत बसतो. साप तोडून लिहिलेली अक्षरं त्याने पाहिली आहेत. माणसं तोडून लिहिलेली पहिल्यांदाच ऐकतो आहे.

२०१२ मध्ये तिसऱ्या रामसेसच्या ममीचं सीटी स्कॅन प्रसिद्ध झालं. गळा हाडापर्यंत चिरलेला होता. त्या जखमेत ममी करणाऱ्यांनी होरसच्या डोळ्याचा एक ताईत ठेवला होता.

अजून आठनऊ वर्षं पुढे या. पाचव्या रामसेसचं तिसरं वर्ष. तुमचा म्हातारा आता नाही. गावच्या न्यायसभेसमोर नौनख्त उभी आहे, स्वतःही म्हातारी झालेली. दुसऱ्या नवऱ्यापासून तिला आठ मुलं. सभेत लेखनिक आमेननख्त बसला आहे. ती सांगते आणि लिहून घेतलं जातं: मी या राज्यातली स्वतंत्र बाई आहे, आठ मुलं वाढवली, त्यांचे संसार उभे करून दिले. आता मी थकले. ज्याने माझ्या हातावर हात ठेवला त्याला माझ्या मालमत्तेतलं देईन, ज्याने नाही ठेवला त्याला नाही. मग नावं येतात. हा घेईल, ही घेईल. हा नाही, ही नाही. पहिल्या नवऱ्याचं नाव लावलेला मुलगा केनहेरखेपशेफ याला इतरांपेक्षा जास्तीचं म्हणून काशाचं हात धुवायचं भांडं.

इथे इसिस बोलत नाही. बोलते ती नौनख्त, स्वतःच्या नावाने, आणि ज्या पोरांची नावं वाटणीतून गळली त्यांना ती कोणत्याही मंत्राने परत आणता येत नाहीत. पुढच्या वर्षी तिचा नवरा आणि मुलं पुन्हा सभेसमोर येतात, लिहिलेलं सगळं जसंच्या तसं मान्य असल्याचं सांगतात आणि तेही लिहून घेतलं जातं: जो यावर वाद घालेल त्याला शंभर फटके, आणि वाट्याला आलेलंही जाईल.